जज्ज बदलून मिळतो का?

पवईत सोसायटीचा पुनर्विकास असो की वरच्या मजल्यावरची गळती, वाद कोर्टात गेला आणि मनाई हुकूम नाकारला गेला की एक वाक्य हमखास ऐकू येतं: "जज्ज समोरच्या पार्टीकडे झुकलेत. केस दुसरीकडे नेऊ." असं म्हणणारा माणूस बहुतेकदा खोटं बोलत नसतो, तो धास्तावलेला असतो. त्या धास्तीला कायद्यात जागा आहे, पण लोकांना वाटते तेवढी ऐसपैस नाही.

सगळ्यात मोठा गैरसमज म्हणजे विरोधात गेलेला हुकूम हाच पक्षपाताचा पुरावा. पवई तलावाकाठचा सायकल ट्रॅक मे 2022 मध्ये उच्च न्यायालयाने बेकायदा ठरवला आणि केलेलं काम काढायला लावलं. महापालिका हरली, म्हणून न्यायमूर्ती पालिकेच्या वाईटावर होते असं कोणी म्हणेल का? हुकूम चुकला असं वाटत असेल तर वाट अपिलाची आहे. साहेब चिडून बोलले, पुढची तारीख दिली नाही, "आपसात मिटवा" म्हणाले, एवढ्यानेही काही ठरत नाही. तडजोडीची शक्यता पाहा, असं दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 89 च सांगतं.

मग ठरतं कशाने? वादातल्या मालमत्तेत न्यायाधीशांचा पैशाचा हितसंबंध, एखाद्या पक्षकाराशी नातं, त्याच वादात पूर्वी वकील म्हणून घेतलेली बाजू अशा गोष्टींनी. इथे उलटा गैरसमजही आहे, की पक्षपात झालाच हे सिद्ध करावं लागतं. तसं नाही. रणजित ठाकूर खटल्यात 1987 साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की न्यायाधीशाने स्वतःच्या मनात डोकावून "मी निःपक्ष आहे ना" एवढंच विचारून भागत नाही; समोरच्या पक्षकाराला काय वाटेल ते पाहायचं. फक्त ती भीती वाजवी हवी, ठोस गोष्टींवर उभी हवी.

ही रेष ओलांडली की काय होतं, ते मुंबईने 2017 च्या ऑगस्टमध्ये पाहिलं, आणि तेव्हा ती ओलांडणारं खुद्द राज्य सरकार होतं. ध्वनिप्रदूषण आणि शांतता क्षेत्रांच्या जनहित याचिका न्या. अभय ओक आणि न्या. रियाझ छागला यांच्यापुढे होत्या. केंद्राने नियम बदलले होते, आता शांतता क्षेत्रं उरलीच नाहीत असं सरकार म्हणत होतं, आणि खंडपीठाला ते पटत नव्हतं. तेव्हा न्या. ओक सरकारविरुद्ध पूर्वग्रह बाळगतात असा आरोप करून सरकारने मुख्य न्यायमूर्ती मंजुळा चेल्लूर यांच्याकडे धाव घेतली. 24 ऑगस्टला, गणेशचतुर्थीच्या आदल्या दिवशी, याचिका दुसऱ्या खंडपीठाकडे गेल्या. वकिलांच्या संघटना खवळल्या. तीनच दिवसांत, रविवार असूनही, मुख्य न्यायमूर्तींनी आदेश मागे घेतला आणि न्या. अनुप मोहता, न्या. ओक व न्या. छागला यांचं पूर्णपीठ नेमलं. सरकारने आरोप मागे घेऊन माफी मागितली. मला ही घटना फार गंभीर वाटते. सगळी यंत्रणा हाताशी असलेला पक्षकार नको असलेला न्यायाधीश असा बाजूला सारू शकला असता, तर सामान्य माणसाने दाद कुणाकडे मागायची?

न्यायाधीश स्वतःहून बाजूला झाले म्हणजे त्यांनी दोष कबूल केला, हाही गैरसमजच. जानेवारी 2022 मध्ये कृष्णा पाणीवाटपाच्या सुनावणीतून न्या. धनंजय चंद्रचूड आणि न्या. बोपण्णा बाजूला झाले. कारण साधं होतं: एक महाराष्ट्राचे, दुसरे कर्नाटकचे, आणि दोन्ही राज्यं वादात पक्षकार.

आता कामाचं. दावा दुसरीकडे नेण्याचा अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेच्याच कलम 24 खाली जिल्हा न्यायालयात किंवा उच्च न्यायालयात होतो. परराज्यात दावा न्यायचा असेल तर कलम 25 खाली थेट सर्वोच्च न्यायालयात, प्रतिज्ञापत्रासह. समोरच्याला नोटीस निघते, तो आपला 'से', म्हणजे लेखी म्हणणं, देतो. नुसता अर्ज टाकल्याने मूळ दावा थांबत नाही, त्यासाठी स्थगिती मिळवावी लागते. दावा बदलून गेला तरी तो पहिल्यापासून सुरू होईलच असं नाही. नवं न्यायालय जिथे थांबला तिथूनही पुढे चालवू शकतं. कलम 25 चा अर्ज उगाच त्रास द्यायला केलेला निघाला तर समोरच्याला 2,000 रुपयांपर्यंत भरपाई देण्याची तरतूद आहे. रक्कम आज किरकोळ वाटते, खरी जोखीम वेगळीच आहे.

ती नागपूरच्या जुन्या प्रकरणात दिसते. 1951 मध्ये तिथल्या उच्च न्यायालयात एका पक्षकाराने पूर्वग्रहाचा आरोप करून प्रकरण दुसऱ्या खंडपीठाकडे द्यावं असा अर्ज केला. त्यावर सही करणारे दोन वकील न्यायालयाच्या अवमानाचे दोषी ठरले. सर्वोच्च न्यायालयाने त्यांची बिनशर्त माफी स्वीकारून शिक्षा रद्द केली, पण तत्त्व घालून दिलं: सकृतदर्शनी आधार आहे याची खात्री न करता अशा अर्जावर सही करणारा वकीलही जबाबदार असतो. तुमचे वकील सहीला का कू करत असतील, तर त्यामागे हे असू शकतं.

म्हणून आधी रोजनाम्याची प्रमाणित नक्कल काढा. तुमचा आरोप ज्या दिवसाचा आहे त्या दिवसाची नोंद वाचा. तिथे आधार सापडला तर वकिलाला दाखवा. नाही सापडला तर अपिलाची मुदत मोजायला घ्या.