काळ्या पाण्याची दरी

वेम्बलीहून न्यूझीलंडला गेलो, तेव्हा रोटोरुआजवळची वाइमांगू दरी आवर्जून पाहिली. १० जून १८८६ रोजी तारावेरा ज्वालामुखी फुटला, जमीन चिरली आणि ही दरी तयार झाली. मुंबईत व्हीटी स्टेशनचं बांधकाम चालू होतं, त्या काळातली ही गोष्ट! शंभरेक माणसं त्या रात्री दगावली.

१९०० मध्ये इथे काळं पाणी उडवणारा प्रचंड गीझर सुरू झाला. माओरी भाषेत वाइमांगू म्हणजे काळं पाणी. १९०३ मध्ये फार जवळ गेलेले चौघे त्यात प्राणाला मुकले.

पायवाट बहुतेक उताराची, त्यामुळे गुडघे कुरकुरले नाहीत. 'फ्राइंग पॅन' तलाव सतत वाफाळत असतो. वज्रेश्वरीच्या कुंडात आपण आंघोळ करतो, इथे मात्र लांबूनच नमस्कार!

पुढे रोटोमहाना तलावात बोटीची फेरी. काठावरच्या कड्यांतून वाफा निघत होत्या. इथल्या जगप्रसिद्ध गुलाबी-पांढऱ्या पायऱ्या स्फोटात गेल्या. पण त्याच उजाड राखेवर आज घनदाट हिरवाई आहे, तीही कुणी न लावता उगवलेली. वाफांपेक्षा तीच जास्त लक्षात राहिली.