शिअरर, मॉइरा

शिअरर, मॉइरा : (१७ जानेवारी १९२६–३१ जानेवारी २००६). ब्रिटिश बॅले-नर्तकी व चित्रपट-अभिनेत्री. पूर्ण नाव मॉइरा शिअरर किंग. जन्म स्कॉटलंडमधील डन्फर्मलिन येथे. बालपणाचा काही काळ उत्तर ऱ्होडेशियात (विद्यमान झँबिया) गेला व तेथेच तिच्या नृत्यशिक्षणास प्रारंभ झाला. इंग्लंडला परतल्यावर तिने रशियन नृत्यगुरू निकोलाय लेगाट यांच्या परंपरेत शिक्षण घेतले. १९४१ मध्ये ‘इंटरनॅशनल बॅले’ या संस्थेतून रंगमंचावर पदार्पण करून १९४२ मध्ये ती ‘सॅडलर्स वेल्स बॅले’मध्ये दाखल झाली.

फ्रेडरिक ॲश्टनच्या सिंफनिक व्हेरिएशन्स (१९४६) या बॅलेच्या पहिल्या प्रयोगातील सहा नर्तकांपैकी ती एक होती. यातील नर्तक आरंभापासून अखेरपर्यंत रंगमंच सोडत नाहीत; त्यामुळे दम राखणे व लय अखंड ठेवणे यांची त्यात कसोटी लागते. त्याच्याच सिंडरेला (१९४८) मधील नायिकेची भूमिका मार्गो फाँटेन जखमी झाल्याने प्रथम शिअररने केली.

मायकेल पॉवेल व एमरिक प्रेसबर्गर यांच्या द रेड शूज (१९४८) या चित्रपटाने तिला जागतिक कीर्ती मिळवून दिली. नृत्यसाधनेत खंड पडेल, या भीतीने तिने ही भूमिका प्रारंभी नाकारली होती. नृत्य आणि प्रेम यांच्या कात्रीत सापडलेल्या नर्तकीची ही शोकांतिका असून तीत सु. १७ मिनिटांचा स्वतंत्र बॅले आहे. नर्तकीने झेप घेताच पायांत चढणारे तांबडे बूट, वर्तमानपत्राच्या कागदाचा होणारा नर्तक, असे रंगमंचावर अशक्य असलेले चमत्कार कॅमेऱ्याने त्यात साधले. मात्र रंगमंचावर नर्तकाने एका दमात साकारलेली नृत्यरचना चित्रपटासाठी तुकड्यातुकड्यांनी चित्रित होते व तिची अंतिम लय संकलक ठरवितो. १९४९ च्या न्यूयॉर्क दौऱ्यात अनेक प्रेक्षक शिअररला चित्रपटामुळेच ओळखत होते. तथापि या प्रसिद्धीने आपल्या बॅले-कारकीर्दीची हानी झाली, असे तिचे मत होते.

द टेल्स ऑफ हॉफमन (१९५१) या चित्रपटात संगीत आधी ध्वनिमुद्रित करून त्यावर अभिनय व नृत्य चित्रित करण्यात आले. त्यातील ऑलिंपिया या यांत्रिक बाहुलीची भूमिका तिच्या काटेकोर पदन्यासामुळे संस्मरणीय ठरली. १९५० मध्ये तिचा विवाह लेखक व प्रसारक लूडोव्हिक केनेडी यांच्याशी झाला. १९५० नंतरच्या दशकात सॅडलर्स वेल्समधून बाहेर पडून ती नाट्याभिनयाकडे वळली. १९५४ च्या एडिंबरो महोत्सवात तिने शेक्सपिअरच्या अ मिडसमर नाइट्स ड्रीममधील टिटॅनियाची भूमिका केली. पीपिंग टॉम (१९६०) हा तिचा आणखी एक उल्लेखनीय चित्रपट. ए सिंपल मॅन (१९८७) या दूरचित्रवाणीसाठी रचलेल्या बॅलेत तिने चित्रकार एल. एस. लाउरीच्या आईची भूमिका केली. नृत्यरचनाकार जॉर्ज बॅलन्शिनवर तिने पुस्तकही लिहिले.

रंगमंचीय नृत्य प्रयोगाबरोबर लोपते, चित्रपटातील मात्र उरते. त्यामुळे ज्या माध्यमाविषयी तिला साशंकता होती, त्यातच तिची कला प्रामुख्याने जतन झाली. ऑक्सफर्ड येथे ती निधन पावली.