तिथीनं ठरणारं काम

आमच्या रेणापूरकडं अमावस्या म्हटलं की येळवस: मार्गशीर्षात सारं गाव रानात, कोपीपुढं भज्जी आणि आंबील. रत्नागिरीजवळ भाट्याच्या खाडीवर मात्र दर अमावस्या-पौर्णिमा कामाची. तेव्हा समुद्राला उधाण असतं. भरती जितकी वर चढते, तितकीच ओहोटी खोल उतरते आणि एरवी पाण्याखाली राहणारे कातळ उघडे पडतात. त्यांवरची कालवं काढायला बायका निघतात. अष्टमीच्या भांगाला पाणी फारसं हटतच नाही.

ऐन तिथीला ओहोटीचा तळ पहाटे अंधारात लागतो. रोज तो पाऊण-एक तास पुढं सरकतो, म्हणून नंतरचे एक-दोन दिवस सोयीचे. "उजेडपण मिळतो नि खालची मोठी कालवं गावतात," त्या बायकांतल्या एक मावशी म्हणाल्या. हातात घड्याळ नव्हतं.

कालवाचं पिल्लू दोन-तीन आठवडे पाण्यात तरंगतं, मग डावी शिंप खडकाला चिकटवतं, ती जन्मभरासाठी. मावशी उकिडव्या बसतात, लोखंडी टोक दोन शिंपांच्या फटीत अचूक मारतात. वरची शिंप उडते. आतला स्नायू कापला की फिकट करडा, थरथरता गर भांड्यात. खालची शिंप कातळावरच राहते, तिच्यावर पुढं नवी पिल्लं बसतात. कडा पात्यासारख्या. मावशींच्या बोटांवर जुन्या-नव्या चिरांची जाळी आहे.

हे काम पडद्यावर मावेल का, असा प्रश्न पडतो. 7 जुलै 1896 ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची हलती चित्रं दाखवली. त्यातलं एकेक जेमतेम 50 सेकंदांचं. तेवढ्यात मावशींची पाच-सहा कालवं सहज होतील. पण कुठल्या पहाटे निघायचं, हे त्यात मावणार नाही. माहितीपटकार रॉबर्ट फ्लाहर्टीच्या 1934 च्या 'मॅन ऑफ अ‍ॅरन'मध्ये तर बेटावर कधीच बंद पडलेली शार्कची शिकार माणसांना नव्यानं शिकवून चित्रित केली. भाट्याला शिकवायची गरज नाही, काम चालू आहे. कुणी कॅमेरा आणलाच, तर भांगापासून उधाणापर्यंत आठवडाभर मुक्काम करावा, असं मला मनापासून वाटतं.

पाणी फिरलं की बायका उठतात. गर धुतात, शिंपेचे तुकडे वेचतात आणि वाटे लावून विकायला बसतात. गिऱ्हाईक भाव पाडून मागतं. मावशी वाटा हलवत नाहीत.