पेटीवाल्याचा कान : पु. ल. देशपांडे आणि तीन माध्यमं



ताम्हिणीच्या घाटात एसटी बंद पडली की काय होतं, हे मुळशीकरांना मी सांगायला नको. पहिली पाच मिनिटं सगळे गप्प. मग एकजण ड्रायव्हरला शहाणपण शिकवतो, दुसरा सरकारला शिव्या घालतो, आणि तासाभरात अनोळखी माणसं एकमेकांच्या डब्यातलं खात असतात. पुलंची ‘म्हैस’ म्हणजे असाच एक खोळंबा. कोकणातून मुंबईला निघालेली एसटी, तिच्या वाटेत आलेली म्हैस आणि अडकलेले प्रवासी. ज्यांनी ती पुलंच्या तोंडून ऐकली आहे त्यांनी आठवून बघा. माणूस एकच बोलतोय, पण ड्रायव्हर वेगळा, हवालदार वेगळा, म्हशीचा मालक वेगळा. डोळ्यांपुढे चित्र एकही नाही, तरी अख्खी गाडी दिसते!

हे कसं जमलं, एवढाच आजचा विषय. माझं उत्तर आधीच सांगून टाकतो. पुलं लेखक होते, नट होते, सगळं खरं. पण त्यांच्या विनोदाच्या मुळाशी आहे तो पेटीवाल्याचा कान.

पुलं लहानपणापासून पेटी वाजवायचे. आता साथीला बसलेल्या पेटीवाल्याचं काम काय? गवयाने घेतलेली जागा पकडायची, त्याच्या मागे राहायचं, तो श्वासासाठी थांबला की ती फट भरायची, आणि तो पुन्हा सुरू झाला की बाजूला व्हायचं. म्हणजे दुसऱ्याचं ऐकणं हेच काम. नक्कल करणारे पुष्कळ असतात, पण ते आवाज उचलतात. पुलंनी माणसाची लय उचलली. कोण कुठे अडखळतो, कोण वाक्य अर्धंच सोडतो, कोण गप्प बसून बोलतो, हे त्यांनी टिपलं.

हा कान पहिल्यांदा सर्वदूर पोचला तो सिनेमातून. 1953 साली ‘देवबाप्पा’ आला. त्यातलं ‘नाच रे मोरा’ गदिमांचं, चाल पुलंची. आज अंगणवाडीतली मुलंही ते म्हणतात. चाल कोणाची हे त्यांना ठाऊक नसतं, आणि असायची गरजही नाही. त्याच वर्षीच्या ‘गुळाचा गणपती’त लेखन, दिग्दर्शन, संगीत, भूमिका, सगळं पुलंचंच होतं.

1955 साली ते आकाशवाणीच्या पुणे केंद्रात रुजू झाले. यात एक गंमत आहे बघा. आकाशवाणीवर 1940 पासून तीन दशकं हार्मोनियमला बंदी होती. म्हणजे पेटीवाला आत, पेटी बाहेर! पण रेडिओने त्यांना एक गोष्ट नक्की शिकवली असणार. माइकपुढे बसलं की समोर हसणारं कोणी नसतं. श्रोता एकटा, त्याच्या घरात बसलेला. तिथे ओरडून चालत नाही, ओट्यावर बसून बोलावं तसं बोलावं लागतं.

पुढे दूरचित्रवाणी आली. 15 सप्टेंबर 1959 ला दिल्लीत प्रायोगिक प्रक्षेपण सुरू झालं. आठवड्यातून दोनच दिवस कार्यक्रम, संचही मोजकेच. त्या अगदी सुरुवातीच्या निर्मात्यांत पुलं होते. पंडित नेहरूंची दूरचित्रवाणीसाठी त्यांनी मुलाखत घेतली. मुलाखत घेणं म्हणजे तरी काय? पुन्हा साथच की! समोरच्याला गाऊ द्यायचं.

सरकारी नोकरी, नवं माध्यम, बढतीची वाट मोकळी. आपल्या घरातल्या मुलाने अशी नोकरी सोडली तर आपण काय म्हणू? पुलंनी ती सोडली आणि रंगमंचावर आले. ‘बटाट्याची चाळ’ एकट्याने उभी केली. 1962 साली ‘वाऱ्यावरची वरात’ आली, सोबत सुनीताबाई होत्याच. रेडिओवर न ऐकू येणारं हसू आता समोरून येत होतं, आणि त्या हशात किती थांबायचं, पुढचं वाक्य कधी टाकायचं, हे पेटीवाल्याला बरोबर माहीत होतं.

संगीत नाटकाचं ऋण त्यांनी वेगळ्याच तऱ्हेने फेडलं. ब्रेख्तचं 1928 चं जर्मन संगीत नाटक त्यांनी ‘तीन पैशाचा तमाशा’ म्हणून मराठीत आणलं. 1978 साली पुण्याच्या थिएटर अकादमीने, जब्बार पटेलांच्या दिग्दर्शनाखाली ते केलं. नाट्यगीत, लावणी आणि पाश्चात्त्य रॉक एकाच रंगमंचावर! चोर, पोलीस, भिकारी, सगळ्यांना सूर वेगळा. कोणत्या माणसाच्या तोंडी कोणती चाल शोभते, हा प्रश्न विनोदाचाही आहे आणि संगीताचाही.

आता शेवटचा मुद्दा. आणीबाणीत सरकारी रेडिओ सरकारचाच आवाज झाला. त्याच रेडिओत नोकरी केलेला हा माणूस 1977 च्या निवडणुकीत उघड्या मैदानांवर उभा राहून सरकारविरुद्ध बोलला. लोक ऐकायला आले, कारण हा आवाज त्यांच्या ओळखीचा होता. पंचवीस वर्षं ज्याने आपलं बोलणं नीट ऐकलं, त्याचं गंभीर बोलणं आपणही ऐकतो. विनोदी माणसाची खरी कमाई ती. टाळ्या नव्हेत.

इथे पुढे बसलेल्या मुलांच्या खिशात आज रेडिओ, टीव्ही आणि रंगमंच एकत्र आहे. रील करा, जरूर करा. एक मिनिटात हसवता येतं. पण त्याआधी एकदा एसटीने घाट उतरा, मोबाइल खिशात ठेवा आणि शेजारचा माणूस कसा बोलतो ते फक्त ऐका.

थांबतो इथेच.