फुकटचा गेम आणि न उघडणारा ओव्हरले

तुमच्या घरात कम्प्युटरवर गेम खेळणारं कुणी असेल, तर हे वाक्य कधी ना कधी तुमच्या कानावर पडलं असेल: "गेम मस्त चालतोय, पण ओव्हरले येत नाहीये." ऐकायला किरकोळ तक्रार वाटते. पण गेम कुठून आला, हे बऱ्याचदा याच वाक्यातून कळतं. आणि ओव्हरले चालू करण्यासाठी मुलं पुढच्या अर्ध्या तासात जी खटपट करतात, तिथे घरातला कम्प्युटर खरा धोक्यात येतो.

बंगळुरूत हेब्बाळच्या फ्लायओव्हरपासून मान्यता टेक पार्कपर्यंतच्या पट्ट्यात नोकरीसाठी आलेली मराठी कुटुंबं तुम्हाला भेटतील. त्यांच्या मुलांचे मामेभाऊ, आतेबहिणी पुण्यात, सांगलीत, बेळगावात. दिवसभर शाळेत इंग्रजी आणि कन्नड, आणि रात्री जेवण झाल्यावर हेडफोन लावून भावंडांशी मराठीत गप्पा. अशा मुलांसाठी ओव्हरले म्हणजे भावंडांना भेटण्याची खिडकी. म्हणूनच "बंद कर ते" एवढं म्हणून हा विषय संपत नाही. नेमकं काय होतं, हे आधी समजून घेऊया.

ओव्हरले म्हणजे काय?

गेम चालू असताना, तो बंद न करता, त्याच्यावरच उघडणारा पडदा म्हणजे ओव्हरले. स्टीमवर घेतलेल्या गेममध्ये शिफ्ट आणि टॅब ही बटणं एकत्र दाबली, की मित्रांची यादी, चॅट, ब्राउझर, स्क्रीनशॉट असं सगळं गेमच्या वरच दिसू लागतं. मित्राला "ये माझ्या गेममध्ये" असं बोलावणंही तिथूनच पाठवता येतं.

ओव्हरले दोन प्रकारचे असतात. पहिला प्रकार दुकानांचा: स्टीम, एपिक यांसारख्या, गेम विकणाऱ्या कंपन्यांचा. हा तुमच्या खात्याशी जोडलेला असतो. दुसरा प्रकार बाहेरच्यांचा: डिस्कॉर्ड, एनव्हिडिया, किंवा विंडोजमध्येच मिळणारा, विंडोज आणि जी ही बटणं दाबून उघडणारा गेम बार. गेम कुठून आणला, याच्याशी या दुसऱ्या प्रकाराला देणंघेणं नसतं. बोलणं आणि रेकॉर्डिंग, एवढंच त्याचं काम.

पायरेटेड गेमवर तो रुसतो का?

विकत घेतलेला गेम सुरू होताना एका छोट्या फाइलमार्फत स्टीमशी बोलतो: हा माणूस कोण, याने गेम घेतलाय का, याचे मित्र कोण. पायरेटेड गेममध्ये क्रॅक करणाऱ्यांनी बऱ्याचदा हीच फाइल काढून तिच्या जागी नकली फाइल बसवलेली असते. गेमने विचारलं, "पैसे भरलेत ना?" की ती म्हणते, "हो, हो, सगळं ठीक आहे." गेम सुरू होतो. पण पलीकडे खरं स्टीम नसतंच. त्यामुळे मित्रांची यादी येत नाही, बोलावणं जात नाही, गेममधली प्रगती इंटरनेटवर साठवली जात नाही. दाराची बेल आहे, पण तिची वायर कुठेच जोडलेली नाही, असा हा प्रकार.

मग सुरू होतो जुगाड. सगळ्यात साधा जुगाड म्हणजे बाहेरचा गेम स्टीमच्या यादीत हाताने जोडणं. ही सोय स्टीमनेच दिलेली आहे आणि ती कुठल्याही प्रोग्रामसाठी चालते. याने चॅट आणि ब्राउझर बहुतेक वेळा उघडतो. पण यादीत जोडलेला तो फक्त शॉर्टकट असतो. मित्राला गेममध्ये बोलावता येत नाही, आणि मित्रांना तुमच्या नावाखाली तुम्ही स्टीमबाहेरचा गेम खेळताय, असं दिसतं.

दुसरा जुगाड जास्त गंभीर आहे. स्टीमची कंपनी व्हॉल्व्ह हिने गेम बनवणाऱ्यांना चाचणीसाठी 'स्पेसवॉर' नावाचा एक नमुना गेम दिलेला आहे. काही क्रॅक स्टीमला सांगतात, "मी स्पेसवॉर आहे." मग ओव्हरलेही चालतो आणि मित्रही जोडले जातात. मात्र त्यासाठी तुमचं खरं स्टीम खातं चालू ठेवावं लागतं, तेही कुणीतरी अनोळखी माणसाने बदललेल्या फाइलच्या शेजारी. मुलाच्या नावाखाली "स्पेसवॉर खेळतोय" असं दिसलं, तर बहुतेक वेळा त्यामागे वेगळाच गेम चालू असतो.

खरी भीती कशाची?

ओव्हरले स्वतः व्हायरस नाही. धोका आहे तो चालू करण्याच्या 'उपायांमध्ये'. व्हिडिओखाली किंवा मित्राच्या मेसेजमध्ये जवळपास ठरलेली तीन वाक्यं असतात: ही फाइल गेमच्या फोल्डरमध्ये टाक, गेम ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालव, आणि अँटिव्हायरस ओरडला तर तो बंद कर. "मच्चा, खोटा अलार्म आहे तो," अशी खात्रीही दिली जाते.

इथेच खरी गोम आहे. तो अलार्म कधी कधी खरोखरच खोटा असतो, कारण क्रॅकची फाइल गेममध्ये ढवळाढवळ करते आणि अँटिव्हायरसला अशा ढवळाढवळीचाच संशय येतो. पण खोटा अलार्म कुठला आणि खरा कुठला, हे घरी बसून तुम्हाला किंवा मुलाला ओळखता येत नाही. चोराला नेमकं हेच हवं असतं. गेम उतरवताना दार एकदा उघडलं गेलं, ओव्हरलेच्या 'फिक्स'साठी दुसऱ्यांदा, आणि या वेळी पहारेकऱ्याला रजा देऊन.

ही कल्पना नाही. जून २०२१मध्ये अव्हास्ट या अँटिव्हायरस कंपनीने 'क्रॅकोनॉश' नावाचा प्रकार उघड केला. जीटीए ५, फार क्राय ५, द सिम्स ४ यांसारख्या गेमच्या क्रॅक केलेल्या प्रतींतून तो पसरला होता. तो कम्प्युटर सेफ मोडमध्ये सुरू करायला लावून अँटिव्हायरस काढून टाकत असे, विंडोजचे अपडेट बंद करत असे, आणि मग गुपचूप मोनेरो हे आभासी चलन कमवायला बसत असे. जगभरात २ लाख २२ हजारांहून जास्त कम्प्युटर त्याच्या तावडीत सापडले आणि चोरांनी २० लाख डॉलरहून जास्त कमाई केली. वीज मात्र लोकांच्या घरची जळत होती. फेब्रुवारी २०२५मध्ये कॅस्परस्की कंपनीने असाच दुसरा प्रकार जाहीर केला. २०२४च्या शेवटच्या दिवशी, लोक सुट्टीच्या मूडमध्ये असताना, गॅरीज मॉड आणि बीमएनजी ड्राइव्हसारख्या गेमच्या टॉरेंटमधून तो सुरू झाला होता.

चलन कमावणारा प्रोग्राम निदान फक्त वीज खातो. पासवर्ड चोरणारे प्रोग्राम ब्राउझरमधलं चालू लॉगिनच उचलून नेतात, म्हणजे ओटीपीचीही गरज उरत नाही. ज्या कम्प्युटरवर मुलगा रात्री गेम खेळतो, त्यावरच तुम्ही सकाळी बँक उघडत असाल, तर पुढचं वेगळं सांगायला नको.

कायदा काय म्हणतो?

भारताच्या १९५७च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ६३ब कम्प्युटर प्रोग्रामच्या बेकायदा प्रतीबद्दल आहे, आणि गेम हाही कम्प्युटर प्रोग्रामच. प्रत बेकायदा आहे हे माहीत असूनही ती वापरली, तर ७ दिवसांपासून ३ वर्षांपर्यंत कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड होऊ शकतो. वापर कमाईसाठी किंवा धंद्यासाठी नसेल, तर न्यायालय कैद न देता ५० हजारांपर्यंत दंडावर सोडू शकतं. मुलांना घाबरवण्यासाठी हे सांगत नाही. पण "सगळेच करतात, काही होत नाही" हे वाक्य घरात मोठ्यांच्या तोंडून तरी येऊ नये.

गेम बनतो कुठे?

मोठे गेम कुठेतरी अमेरिकेत बनतात, त्यांना काय फरक पडतो, असं मुलांना वाटतं. त्यांना सांगा, जीटीए बनवणाऱ्या रॉकस्टारचा स्टुडिओ आपल्या बंगळुरूतच आहे. १९९७मध्ये इथे सुरू झालेली ध्रुव इंटरॅक्टिव्ह ही देशातल्या सर्वांत जुन्या गेम कंपन्यांपैकी एक. ती २०१९मध्ये रॉकस्टारने विकत घेतली. हेब्बाळच्या सिग्नलला तुमच्या शेजारी थांबलेल्या कॅबमध्ये या कामातलं कुणी बसलेलं असणं अशक्य नाही.

आणि पुण्याचं उदाहरण तर प्रत्येक मराठी घराला माहीत असावं. नॉडिंग हेड्स गेम्स या पुण्याच्या छोट्या चमूने 'राजी: अ‍ॅन एन्शंट एपिक' हा गेम केला. सर्कशीत काम करणारी राजी आपल्या धाकट्या भावाला, गोलूला, शोधायला असुरांशी लढते, अशी त्याची गोष्ट. २०१७मध्ये लोकांकडून पैसे उभे करण्याचा प्रयत्न फसला. काम थांबू नये म्हणून सहसंस्थापकांपैकी एकाने आपला फ्लॅट विकला. गेम २०२०मध्ये आला आणि त्याच वर्षी द गेम अवॉर्ड्समध्ये पदार्पणाच्या गेमच्या पुरस्कारासाठी त्याला नामांकन मिळालं. अशा चमूसाठी विकली गेलेली प्रत्येक प्रत म्हणजे पुढच्या महिन्याचा पगार.

मग करायचं काय?

मुलाला हवं आहे ते भावंडांबरोबर खेळणं. त्याचे सरळ रस्ते आता बरेच आहेत.

• मुळातच फुकट असलेले गेम घ्या. डोटा २, काउंटर-स्ट्राइक २, रॉकेट लीग हे खेळायला पैसे लागत नाहीत. वयाची सूचना मात्र आधी वाचा.

• एपिक गेम्स स्टोअर नियमितपणे गेम फुकट देतं. मे २०२०मध्ये जीटीए ५सुद्धा असाच दिला गेला होता. एकदा घेतला, की तो खात्यात कायम राहतो.

• स्टीमवर किमती रुपयांत दिसतात आणि उन्हाळी व हिवाळी सेलमध्ये जुने गेम खूप खाली येतात. हवा असलेला गेम विशलिस्टमध्ये टाकून ठेवा. वाट पाहायची सवयही लागते.

• घेतलेला गेम आवडला नाही किंवा आपल्या कम्प्युटरवर चालला नाही, तर १४ दिवसांच्या आत आणि २ तासांपेक्षा कमी खेळलेला असताना पैसे परत मागता येतात. "आधी बघू चालतो का" म्हणून क्रॅक उतरवण्याचं कारणच उरत नाही.

• स्टीम फॅमिलीजमध्ये एकाच घरातले ६ जण एकमेकांचे गेम खेळू शकतात. पालकांना खेळण्याची वेळ ठरवता येते, आणि मुलाने मागितलेला गेम मंजूर करता येतो.

विकत घेतलेल्या गेमवरही ओव्हरले कधी कधी अडतो. तेव्हा स्टीमच्या सेटिंग्जमध्ये तो चालू आहे का ते पाहा. गेम ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून आणि स्टीम साधं चालू असेल, तर दोन्ही बंद करून साधेच सुरू करा. दोन-तीन ओव्हरले एकदम चालू असतील, तर एकच ठेवा. यातल्या कशासाठीही अँटिव्हायरस बंद करावा लागत नाही.

आधीच टाकला असेल तर?

ओरडू नका. मुलं ओरड्याला घाबरून गोष्ट लपवतात आणि चोराला जास्त वेळ मिळतो. आधी इंटरनेट काढा. अँटिव्हायरस किंवा विंडोज अपडेट आपोआप बंद झालेलं दिसलं, काही चालू नसताना पंखा घोंघावत असला, तर संशय घ्या. गेम आणि त्याच्या 'फिक्स' फाइली काढा आणि विंडोज डिफेंडरचा ऑफलाइन स्कॅन करा. सगळ्यात खात्रीचा उपाय म्हणजे महत्त्वाच्या फाइली बाजूला काढून विंडोज नव्याने टाकणं. पासवर्ड बदला, पण त्या कम्प्युटरवरून नाही, फोनवरून. आणि ईमेल, बँक, स्टीम या खात्यांमधून सगळीकडून साइन आउट करा. पैसे गेले असतील, तर एक मिनिटही न घालवता १९३० या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनवर फोन करा.

आज रात्री मुलाला एवढंच विचारा: "तुझा ओव्हरले नीट चालतो ना?" उत्तर "हो" असेल, तर शेजारी बसून तो कसा उघडतो ते पाहा, मित्रांच्या यादीत कोण कोण आहे तेही कळेल. आणि "नाही" असेल, तर तुम्हाला बोलायला विषय मिळाला.