डाउनलोडचा इशारा बंद करायचा, पण कुठे?

मंडळी, डाउनलोड केलेली फाइल उघडताना विंडोज 'चालवायची का?' असं विचारतं. मग बरेच जण विचारतात, हे कायमचं बंद कसं करायचं?

आधी इशारा येतो कुठून ते बघू. इंटरनेटवरून आलेल्या फाइलला ब्राउझर एक अदृश्य चिठ्ठी जोडतो, 'झोन आयडेंटिफायर'. तिच्यात ३ हा आकडा असला, की फाइल इंटरनेटवरची. २००४ साली आलेल्या एक्सपीच्या सर्व्हिस पॅक २ पासून विंडोज ही चिठ्ठी वाचतं.

आता, इथे कोपरला सोसायटीचा वॉचमन आपल्या पाहुण्याला अडवतो, म्हणून आपण वॉचमनच काढून टाकतो का? 'यांना सोडा', एवढंच सांगतो. इथेही तसंच. पाठवणाऱ्याची खात्री झाली, की फाइलवर राइट क्लिक, 'प्रॉपर्टीज', तळाशी 'अनब्लॉक'वर टिक आणि ओके. त्या एकाच फाइलची चिठ्ठी निघते. झिप असेल तर हे उघडण्याआधी करा.

सगळेच इशारे बंद केले तर? समजा, 'बिल.पीडीएफ.ईएक्सई' आली. विंडोज सहसा शेवटचं ईएक्सई दाखवत नाही. आपल्याला दिसतं नुसतं बिल. इशाऱ्यात मात्र प्रकार 'ॲप्लिकेशन' असा लिहिलेला असतो. बिल कधी ॲप्लिकेशन असतं का? तिथेच थांबायचं.