एका लहान पक्षाची मोठी निवडणूक

१७ सप्टेंबरचा दिवस आमच्या धर्माबादेंत दरवर्षीं झेंडावंदनानें उजाडतो. मुक्तिसंग्रामांतील वीरांचें स्मरण होतें, स्वामी रामानंद तीर्थांच्या तसबिरीस हार पडतो आणि मुलें खाऊ घेऊन घरीं जातात. मागील खेपेस शेजारच्या एका मुलीनें आम्हांस वाटेंत गांठून विचारलें, "गुरुजी, स्वामीजींना पुढारी कोणीं केलें?" तीस वर्षें इतिहास शिकवूनहि हा प्रश्न आम्हांस कोणीं विचारला नव्हता; आणि खरें सांगावयाचें तर आम्हींहि तो कधीं स्वतःस विचारला नव्हता. त्या मुलीस जें सांगितलें, तेंच येथें वाचकांपुढें ठेवतों.

प्रथम एक शब्द नीट समजून घेतला पाहिजे. पाणिनीनें कर्त्यास 'स्वतंत्र' म्हटलें आहे. परंतु १९४७ सालच्या हैदराबादेंत हा कर्ता कोण, हाच वाद होता. इंग्रज गेल्यावर आपलें संस्थान स्वतंत्र राहील, असें निजामानें जून महिन्यांत जाहीर केलें. त्याच्या मतें स्वातंत्र्य राजाचें होतें. आमच्या वडीलधाऱ्यांच्या मतें तें प्रजेचें होतें, व तें भारतांत सामील झाल्यावांचून मिळणार नव्हतें. ही दुसरी बाजू मांडणारा पक्ष म्हणजे हैदराबाद स्टेट काँग्रेस. तिचें दुर्दैव असें कीं, १९३८ सालीं तिची रीतसर स्थापना होण्यापूर्वींच सरकारनें तिच्यावर बंदी घातली. त्या ऑक्टोबरांत सत्याग्रह सुरू झाला, आणि महात्माजींच्या सल्ल्यानें डिसेंबरांत तो थांबविण्यांत आला. पुढें आठ वर्षें हा पक्ष कागदावर नव्हताच. महाराष्ट्र परिषद, आंध्र महासभा आणि कर्नाटक परिषद या तीन भाषांच्या तीन संस्थांच्या आश्रयानें कार्यकर्ते कसेबसे एकत्र राहिले.

१९४६ च्या जुलैंत बंदी उठली, आणि लागलीच प्रश्न उभा राहिला, अध्यक्ष कोण?

दोन नांवें पुढें आलीं. एक स्वामी रामानंद तीर्थ. पूर्वाश्रमींचे व्यंकटेश खेडगीकर, जन्म १९०३, विजापूर जिल्ह्यांतील सिंदगीचा. ना. म. जोशी यांच्याबरोबर त्यांनीं मजूर चळवळींत काम केलें, पुढें संन्यास घेतला, आणि हिप्परगा व अंबेजोगाई येथें शाळा चालविल्या. शाळामास्तर म्हणून आम्हांस त्यांचा अभिमान वाटतो, हें लपवीत नाहीं. दुसरे बुर्गुल रामकृष्णराव; जन्म १८९९, हैदराबादेंतील नामांकित वकील. त्यांचें शिक्षण कांहीं काळ पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजांत झालें होतें. तेलुगु ही त्यांची मातृभाषा. शिवाय संस्कृत, फारसी, उर्दू व मराठी यांतहि त्यांची गति होती. एकाजवळ तप होतें, दुसऱ्याजवळ विद्या व व्यवहार. दोघांपैकीं कोणासहि कमी लेखावें, असें कांहीं नव्हतें.

मग भांडण कशाचें? निजाम सरकारनें देऊं केलेल्या तुटपुंज्या सुधारणा, सरकारशीं वाटाघाटी कोठवर कराव्या, आणि डाव्या विचारांच्या तरुणांस पक्षांत किती वाव द्यावा, हे ते प्रश्न. रामकृष्णरावांच्या बाजूचे लोक सावधपणें, कायद्याच्या वाटेनें जाऊं पाहात. स्वामीजींच्या भोंवतीं गोविंदभाई श्रॉफ यांच्यासारखे उतावीळ, पण जिवावर उदार तरुण होते. मतें पडलीं, आणि थोडक्या फरकानें स्वामीजी निवडून आले. पक्षानें त्या सुधारणांखालील निवडणुकींवर बहिष्कार घातला. १९४७ च्या जूनमध्यें मुशीराबादेस पहिलें उघड अधिवेशन भरलें. १५ ऑगस्टला स्वामीजींनीं हैदराबादेंत तिरंगा फडकविला, आणि ते तुरुंगांत गेले.

अध्यक्ष तुरुंगांत असतां दिगंबरराव बिंदू आदि मंडळींनीं सरहद्दीवरून लढा चालविला. आमच्याच रेल्वे रस्त्यावरील उमरीची बँक क्रांतिकारकांनीं ३० जानेवारी १९४८ रोजीं लुटली, आणि त्याच संध्याकाळीं दिल्लीस महात्माजींची हत्या झाली. अखेर त्या वर्षाच्या १३ सप्टेंबरला भारतीय फौजा आंत शिरल्या, आणि १७ तारखेस निजामानें शरणागति पत्करली.

परंतु शत्रु गेल्यावर घरांतील भेग उघडी पडली. काँग्रेसमध्यें दोन गट समोरासमोर उभे राहिले, व त्यांच्या तक्रारी दिल्लीपर्यंत गेल्या. गोविंदभाई तर काँग्रेसबाहेरच पडले. १९५२ सालीं मुख्यमंत्रिपद मिळालें, तें पूर्वीं हरलेल्या रामकृष्णरावांस. जिंकलेले स्वामीजी लोकसभेंत गेले. मंत्रिपदाच्या वाटेस ते गेले नाहींत. हैदराबाद राज्य मोडून भाषावार प्रांत व्हावे, हा त्यांचा आग्रह होता. १ नोव्हेंबर १९५६ रोजीं तसें झालें, आणि ज्या राज्याच्या नेतृत्वासाठीं हे दोघे एकमेकांविरुद्ध उभे राहिले, तें राज्यच नकाशावरून नाहींसें झालें. गोदेकांठचें बासर परप्रांतांत गेलें, धर्माबाद मराठींत राहिलें. पण आमच्या बाजारांत तेलुगु अद्याप ऐकूं येते.

आतां एक घरचा दाखला. पुष्कळ वर्षांपूर्वीं एका वाचनालयाच्या चिटणिसाच्या जागेसाठीं आम्ही उभे राहिलों, आणि चार मतांनीं पडलों. त्यानंतर तीन वर्षें आम्ही त्या वाचनालयाची पायरी चढलों नाहीं. नुकसान कोणाचें झालें? नव्या चिटणिसांचें नव्हे. तीन वर्षें नवीं पुस्तकें वाचावयाचीं राहिलीं तीं आमचीं, आणि ज्या मुलांस तेथें बोट धरून नेलें असतें त्या मुलांचीं.

म्हणून स्वामीजी व रामकृष्णराव यांची ही कथा आम्हांस नुसत्या जयापजयाची वाटत नाहीं. त्या काळीं एकेक मत देणारा मनुष्य तुरुंगाचा धोका पत्करून मत देत होता. त्या मतांचा मान राहिला, म्हणून ऐन संकटाच्या वर्षांत पक्षास एक अध्यक्ष होता. पुढील भांडणांनीं त्या मानास जो बट्टा लागला, तोहि मुलांस सांगितला पाहिजे. तसबिरीस हार घालणें सोपें आहे. हरल्यावर दुसऱ्या दिवशीं त्याच सतरंजीवर येऊन बसणें कठीण. नांदेडच्या विद्यापीठास आज स्वामीजींचें नांव आहे. रामकृष्णरावांचें नांव मात्र त्या मुलीनें प्रथमच ऐकलें. तिनें तें आपल्या वहींत लिहून घेतलें, आणि लिहितांना शुद्ध लिहिलें, याचा आम्हांस संतोष वाटला.